संबळावर फडकं पडल्यानंतर

आमच्या घरी आलेल्या माणसाला वेशीपर्यंत सोडायला जायची पद्धत होती. पद्धत कसली, आबांचा हट्टच तो. पाहुणा असो, खताची गोणी पोचवणारा असो, विजेच्या मीटरचं रीडिंग घ्यायला आलेला असो, आबा पायात वहाणा सरकवून त्याच्याबरोबर निघत आणि गावाबाहेरच्या शेवटच्या कडुनिंबापर्यंत चालत जात. रीडिंगवाल्याकडे मोटरसायकल होती. म्हाताऱ्याला मागे टाकून कसं जायचं म्हणून तो बिचारा ती ढकलत चालायचा. कडुनिंबाखाली आबा त्याला दोन शब्द सांगत. ऊन चढायच्या आत पोच. नाल्यावर पाणी असलं तर घाई करू नको. मग माणूस वळणाआड जाईपर्यंत तिथेच उभे राहत.

ढाब्यावर महाराष्ट्राच्या नंबरचा ट्रक दिसला तर विचारूच नका. ड्रायव्हर कोल्हापूरचा असो की नांदेडचा, आबा त्याला चहा पाजत आणि निघताना म्हणत, "तिकडं कोणी इचारलं तर सांग बाबू, बरे हाय म्हणावं." त्याला कोण कशाला विचारणार? मला याची फार लाज वाटायची. पुढे मी भोपाळात नेहरू नगरला तिसऱ्या मजल्यावर भाड्यानं राहायला लागलो, आबा चार दिवस आले, आणि माझ्याकडे आलेल्या एका मोठ्या दिग्दर्शकाला ते तीन जिने उतरून कोपऱ्यावरच्या पानाच्या टपरीपर्यंत सोडून आले. दिग्दर्शकाला ते गोड वाटलं. मी गॅलरीत उभा राहून दात खात होतो.

आम्ही गोंधळी. आजोबा बुलढाण्याकडचे. त्यांचे यजमान, म्हणजे ज्यांच्या घरी लग्नकार्यानंतर देवीचा गोंधळ घालायला आमचं घराणं जायचं, त्यांच्यातले बरेच जण भोपाळच्या मोठ्या कारखान्यात नोकरीला लागले. यजमानच गेले तर गोंधळ कुणाच्या दारी घालायचा? आजोबांनी तीन वर्षांच्या आबांना खांद्यावर घेतलं आणि तेही निघाले. शहरात राहणं झेपेना, तेव्हा सीहोरच्या रस्त्यावर एका गावात बटाईनं, पिकाच्या वाट्यावर, जमीन केली आणि तिथेच टेकले. त्या गावात आम्हाला अजून 'महाराष्ट्रवाले' म्हणतात आणि बुलढाण्याचे नातेवाईक आम्हाला 'भोपाळवाले' म्हणतात. मी तिथेच जन्मलो, तिथेच संबळ वाजवायला शिकलो, आणि शाळेत हिंदी निबंधांना बक्षिसं मिळाली म्हणून स्वतःला लेखक समजायला लागलो. आता मालिका आणि सिनेमांच्या पटकथा लिहितो. पडद्यावर गाव दाखवायचं असलं की मला बोलावतात. गावाकडचा माणूस म्हणून माझा भाव बरा आहे.

गोंधळाचं आमच्याकडे काम वाटून घेतलेलं होतं. आई तांदळा-गव्हाचा चौक भरायची, कलश मांडायची, दिवटी तेलात भिजवून पेटवून द्यायची. आबा तुणतुणं घेऊन गायचे, मी संबळावर. भोपाळातल्या मराठी घरांत सात वाजता सुरू करून नऊला आटपावं लागायचं, शेजारी कुरकुरतात म्हणून. तुळशी नगरच्या सरकारी क्वार्टरात तर सोफा जिन्यात नेऊन ठेवायचे तेव्हा चौकाला जागा व्हायची. तरी आबा एकही पायरी गाळत नसत. आधी आवाहन. त्यात देवींना एकेक करून बोलवायचं, आणि आजोबांनी आमच्या आवाहनात आपली बुलढाण्याहून इथवरची सगळी वाटच घालून ठेवली होती. माहूरची रेणुका, तुळजापूरची भवानी या तर हव्यातच. पण सगळ्यांच्या आधी आमच्या सुटलेल्या गावच्या वेशीवरची मरीमाय. मग वाटेवरची इच्छापूरची देवी, मग जिच्या काठी रात्र काढली ती नर्मदामाय, आणि सर्वांत शेवटी आम्हाला ठेवून घेणाऱ्या गावाची खेडापती माता. आवाहनानंतर कथा, मग आरती.

आरती झाली की मी संबळावर फडकं टाकायचो. तिथे वाजवणाऱ्याचं काम संपलं. मागे उरायची ती पाठवणी. बोलावलेल्यांना परत पाठवायचं, शेवटी आलेली आधी आणि आधी आलेली शेवटी, असा क्रम. त्याला वाद्य नाही, चालही नाही. आबा चौकासमोर बसून हळू आवाजात काहीतरी बोलायचे, आई दुधाची वाटी धरून शेजारी उभी राहायची, आणि बोलून झालं की आबा दिवटी दुधात विझवायचे. मी तोवर यजमानांच्या स्वयंपाकघरात पोचलेला असायचो. तिथे पुऱ्या तळणं चालू असायचं, आणि वाजवून वाजवून भूक तर सडकून लागलेली. इतकी वर्षं वाजवलं, पण पाठवणी मी एकदाही ऐकली नाही. मला वाटायचं, शेवटी काय असणार, नमस्कार-चमत्कार.

दोनेक वर्षांपूर्वी एका मालिकेत मी गोंधळाचा सीन लिहिला. शूटिंग भोपाळजवळच्याच एका खेड्यात होतं. दिग्दर्शकाला सगळं अस्सल हवं होतं, आणि अस्सल माझ्या घरातच बसलेलं होतं. आबांना विचारलं तर त्यांनी पैशाचं नाव काढलं नाही, एवढंच विचारलं, "पुरा घालू देतीन ना?"

"हो आबा, पुरा," मी म्हणालो.

सीन मीच लिहिलेला होता. त्यात आवाहनाच्या शेवटी नायिका दारात येते आणि तिथेच सीन संपतो. दीड मिनिटाचा मामला. हे मला पक्कं ठाऊक होतं आणि तरी मी हो म्हणालो. सेटवर गेल्यावर बघू, मोठ्या माणसाला कोण अडवतंय, असं काहीतरी मनात होतं. म्हणजे थाप मारली.

आईनं सेटवर पहाटेपासून चौक भरला. फ्रेममध्ये बसत नाही म्हणून कला विभागाच्या माणसानं कलश हातभर डावीकडे सरकवला, तेव्हा तिनं माझ्याकडे पाहिलं. आबांनी झगा घातला, कवड्यांची माळ घातली, आणि असे काही गायले की चहाचे कप घेऊन हिंडणारे जागीच थांबले. मी शेजारी संबळावर होतो, मलाही गोंधळ्याचे कपडे चढवले होते. खूप दिवसांनी हात मोकळा झाला होता. खरं सांगायचं तर मी खुशीत होतो.

पहिल्या टेकला फोकस गेला. दुसऱ्याला नायिका उशिरा आली. तिसऱ्याला वरून विमान गेलं. चौथ्या वेळी पुन्हा मरीमायपासून सुरुवात करायची म्हटल्यावर आबा माझ्या कानाशी वाकले.

"पुन्हा कायले बोलवायचं रे? आल्या ना त्या."

"कॅमेऱ्यासाठी, आबा."

त्यांनी चौथ्यांदा बोलावलं. या वेळी नायिका वेळेवर आली, दिग्दर्शक ओरडला, "कट, बढ़िया," आणि लगेच, "दादा, लाइट जा रही है, अगला सीन लगाओ." माणसं तारा गुंडाळायला लागली. आगीची काळजी घेणाऱ्या माणसानं वाळूची बादली आणली आणि दिवटी तिच्यात खुपसली. आबा तुणतुणं धरून चौकासमोर तसेच उभे होते. आई दुधाची वाटी घेऊन त्यांच्या बाजूला. ते दूध तिनं घरून डब्यात आणलं होतं.

"मंग पाठवणी?" आबांनी विचारलं.

"झालं आबा. एवढंच हवं होतं त्यांना."

"कुठं झालं?"

"अहो, हे खोटं खोटं होतं. सिनेमातलं."

"त्याहीचं असंन खोटं," आबा म्हणाले. "मी तर खरंच बोलावलं."

गाडीत ते तुणतुणं मांडीवर आडवं घेऊन खिडकीबाहेर बघत होते. गावाचा फाटा आला तेव्हा आईला उद्देशून, पण मला ऐकू जाईल असं म्हणाले, "भल्या घरच्या बाया बोलावून आणल्या आन् लोकाच्या अंगणात उभ्या करून आलो." मला राग आला. चार माणसांत मान मिळाला, फोटो निघाले, तरी याचं रडगाणं चालूच, असं वाटलं. मी फाट्यावरच त्यांना उतरवलं आणि गाडी भोपाळकडे वळवून घेतली.

दोन दिवसांनी आबांचा फोन आला. आवाज नेहमीसारखा होता. म्हणाले, दिवटी वाळूत गेली म्हणजे नुसती पाठवणी चालत नाही, पुन्हा पहिल्यापासून पुरा गोंधळ घालून मगच सोडायचं असतं. शुक्रवारी घरीच घालू. तू संबळ घेऊन ये. मी हो म्हणालो.

त्या शुक्रवारी निर्मात्याबरोबर बैठक निघाली. पुढच्या शुक्रवारी दोन भाग नव्यानं लिहून मागितले. तिसऱ्या शुक्रवारी काहीही नव्हतं. मी संध्याकाळी बिट्टन मार्केटला पेरू घेत उभा होतो आणि उद्या जाऊ म्हणत होतो. आईचा फोन आला. "तू येत नाई का? चौक भरून ठेवला. हे झगा घालून बसले हायत चारपासून." मी सांगितलं, अडकलोय. हातात पेरूंची पिशवी होती. पुढच्या बुधवारी सकाळी आबा गोठ्यात पडले.

अर्धांगवायू झाला होता. उजवी बाजू गेली आणि वाचाही. दवाखान्यात वीस दिवस काढल्यावर डॉक्टरांनी घरी न्यायला सांगितलं, तेव्हा गावाकडे नेण्यापेक्षा मी नेहरू नगरला आणलं. चार जणांनी खुर्चीत बसवून तीन जिने चढवले. ज्या जिन्यांवरून ते माझ्या पाहुण्याला सोडायला उतरले होते त्याच जिन्यांवरून. त्यांचं डोकं साफ होतं. बोललेलं सगळं कळायचं. तोंडातून फक्त 'आ' निघायचा, आणि डावा हात हलायचा.

पहिल्याच आठवड्यात त्यांनी भिंतीवर टांगलेल्या संबळाकडे बघितलं आणि डाव्या हाताचा पंजा दाराच्या दिशेनं दोन-तीनदा लोटला. जा, जा, असा. मला आधी वाटलं मलाच जायला सांगतायत. आई म्हणाली, "पाठवणीचं म्हणतात ते." आबांनी डोळे मिटून मान हलवली आणि त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं. तोंड एका बाजूला ओढलेल्या बापाला रडताना बघणं फार वाईट. मी त्यांच्या पायांवर डोकं ठेवलं आणि म्हणालो, मी घालतो गोंधळ. मीच गातो, मीच वाजवतो, इथेच, तुमच्यासमोर. पुरा घालतो.

त्यांच्या चेहऱ्यावर जे आलं ते मी कुठल्याही नटाच्या चेहऱ्यावर पाहिलेलं नाही. आणि मग लगेच मी मनात गोंधळाच्या पायऱ्या मोजल्या. आवाहन मला येत होतं, कथा येत होती, आरती येत होती. पाठवणी कुठे येत होती? लिहिलेली ती कुठेच नव्हती. आजोबा गेलेले, बुलढाण्याकडच्या भावबंदांची पाठवणी वेगळी, त्यांच्या वाटेत ना नर्मदा ना खेडापती. आमची पाठवणी जगात एकाच माणसाला येत होती आणि त्याच्या तोंडून 'आ' निघत होता.

मग मी माझं हत्यार काढलं. मी म्हटलं, आबा, मी लिहितो, वाचून दाखवतो, बरोबर असेल तर मान हलवा. ते बघत राहिले. मला तो होकार वाटला.

पहिला खर्डा मी दोन दिवस खपून लिहिला. त्यात जगदंबा होती, आदिशक्ती होती, भवसागर होता. वाचताना माझाच आवाज भरून आला. आबांनी मान आडवी हलवली. दुसरा खर्डा ओवीसारखा बांधला. नाही. तिसऱ्यात मी आमची घरची बोली घातली, आबांच्याच तोंडचे शब्द वापरतोय असा माझा समज होता. ते ऐकता ऐकता त्यांनी डावं बोट उचललं आणि माझ्या खांद्यावरून मागे दाखवलं. मागे स्वयंपाकघराचं दार होतं. मी उठून पाणी आणलं. त्यांनी तोंड मिटून घेतलं.

चौथ्या खर्ड्यालाही तेच. मान आडवी, बोट स्वयंपाकघराकडे. मी चमच्यानं पाणी पाजायला गेलो तर ते ओठांवरून उशीवर ओघळलं. आई त्या दारात मेथी निवडत बसली होती. ती दिवसभर तिथेच असायची, कारण त्या घरात तिला बसायला दुसरी जागाच नव्हती. निर्मात्यांनीसुद्धा माझे इतके खर्डे परत केले नव्हते. मी चिडलो होतो, खोटं कशाला बोलू. हा माणूस बोलू शकत नाही आणि तरी माझं एकही वाक्य पास करत नाही. रात्री मी पडल्या पडल्या वाक्यं जुळवायचो आणि मनात सूक्ष्म असा एक विचार यायचा की हे जमलं तर काय सुंदर सीन होईल. तो विचार यायचा हे लिहायला नको होतं, पण यायचा.

सहाव्या खर्ड्याच्या वेळी संध्याकाळ होती. मी अर्धं वाचलं असेल. आबांनी बोट उचललं. मी पाण्याकडे हात नेला तसा त्यांनी डाव्या हातानं पेला उडवून लावला. पेला फरशीवर गेला, कागद भिजले. आई मेथी बाजूला सारून उठली, पदर सारखा करत म्हणाली, "मी एक सांगू का?"

"आई, आत्ता नको," मी कागद झटकत म्हणालो. "सुचतंय मला."

ती पुन्हा खाली बसली. आबांनी माझ्याकडे पाहिलं, तिच्याकडे पाहिलं, आणि तोंड भिंतीकडे वळवलं. मी त्यांच्या पाठीला सांगितलं की उद्या नक्की जमवतो.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी बिट्टन मार्केटला चिकू आणायला गेलो. कुस्करून दिलेला चिकू तेवढा ते आवडीनं खायचे. पिकलेले चिकू दाबून दाबून निवडत होतो, सातव्या खर्ड्याची सुरुवात डोक्यात घोळत होती, आणि खरंच चांगली होती. परत आलो तर जिन्यात शेजारच्या बाई उभ्या होत्या. त्या बाजूला झाल्या. वर आईनं आबांचा डावा हात छातीवर नीट ठेवला होता.

ते मनात काय घेऊन गेले ते मला माहीत आहे. इतर मुलांना आपल्या बापाच्या शेवटच्या विचाराबद्दल अंदाज करावा लागतो. मला करावा लागत नाही. आपण बायांना उभं करून आलो आणि आपल्या पोरानं त्यांना घरी पोचवलं नाही, हे घेऊन ते गेले.

तेराव्यापर्यंत घरात देवाचं काही करायचं नसतं. तेरावं झालं, सुतक फिटलं, गावातली माणसं जेवून गेली. त्यानंतरच्या शुक्रवारी मी गावच्या घरी ओसरीवर संबळ काढला. आईनं न विचारता चौक भरला. उन्हं कलली होती, गाई परत येत होत्या. मी आवाहन म्हटलं, एकट्यानं. आबांचा आवाज नाही माझा, मरीमायला बोलावतानाच तो चिरकला. कथा लहान केली. आरती झाली. आणि मी सवयीनं संबळावर फडकं टाकलं. मग माझ्या लक्षात आलं की आता उठून जायला मला कुठलंही स्वयंपाकघर नाही.

मी खिशातून नंतर पुरा केलेला सातवा खर्डा काढला. आई दुधाची वाटी घेऊन शेजारी उभी होती.

"ते राहू दे," ती म्हणाली. "मी सांगते, तू म्हण."

मी तिच्याकडे पाहिलं. ती चौकाकडे बघत होती. नवऱ्याच्या शेजारी ती जिथे उभी राहायची तिथेच उभी राहून, दारातल्या माणसाशी बोलावं तसं ती बोलली.

"खेडापती माय, तुहं घर जवळच हाय. तू आधी जाय, सकाळी येतोच आम्ही तुह्याकडं. नर्मदामाय, अंधार पडाच्या आत पोच, काठावर चिखल असंन, पाय जपून टाक. इच्छापूरवाले, तू दिलेली सावली आम्ही ईसरलो नाई. भवानीमाय, रेणुकामाय, तुमची वाट लांबची, घाई करू नका, थांबत थांबत जा." मी तिच्यामागून एकेक म्हणत होतो. मला कुठे अडायलाच होत नव्हतं. हे सगळं मी लहानपणापासून कडुनिंबाखाली ऐकलं होतं, रीडिंगवाल्याला, खताच्या गोणीवाल्याला सांगताना, आणि ढाब्यावर ट्रकवाल्याला. काखेत कळसा नि गावाला वळसा ही म्हण मी आजवर किती पात्रांच्या तोंडी घातली असेल.

मग शेवटची राहिली. सुटलेल्या गावची.

"मरीमाय," आई म्हणाली आणि वाटी तिनं दोन्ही हातांनी धरली. "तुह्या गावात आता आमचं घर नाई, तुह्या वाटंवर कोणी दिवा लावत नसंन. तरी तू आलीस. आता सुखानं जाय. तिकडं कोणी इचारलं तर सांग, सगळे बरे हाय म्हणावं."

'सगळे' म्हणताना तिचा आवाज थांबला. तिनं शब्द बदलला नाही. जसा होता तसाच म्हटला, आणि मलाही तो तसाच म्हणायचा होता. मला तो म्हणता येईना. ती थांबून राहिली, मी म्हणेपर्यंत. मग मी दिवटी दुधात घातली. चर्र आवाज झाला, धुराचा वास आला, आणि गोंधळ पुरा झाला.

मी रडत होतो आणि ती कोरड्या डोळ्यांनी चौकातले तांदूळ गोळा करत होती.

"आई, तुला सगळी येत होती?"

"चाळीस वर्सं वाटी धरून उभी होते मी तिथं. न येऊन काय करीन?"

"मग तेव्हा का नाही सांगितलंस? आबा होते तोवर?"

तिनं तांदूळ ओंजळीतून सुपात सोडले.

"ते मलेच बोट दाखवत होते," ती म्हणाली. "म्हणून तं मी उठले होते. तुले सुचत होतं."

मग तिनं वाटी उचलली, वहाणा घातल्या आणि दूध ओतायला ती शेवटच्या कडुनिंबापर्यंत चालत गेली.